पिरॅमिड दीड तास, बाकी जत्रा

मेक्सिकोतल्या कानकूनहून चिचेन इत्झा या प्राचीन माया नगराला नेणाऱ्या स्वस्त बस-टूरबद्दल चांगलं बोलणारा माणूस सहसा ती टूर विकणाराच निघतो. बाकीचे तिच्यावर तुटून पडतात, आणि तक्रारीचा मसुदा इतका पक्का झालेला आहे की नुसती तारीख बदलून पुन्हा वापरता यावा. पहाटे सहाला हॉटेलच्या दारात उभं केलं आणि मग आणखी आठ-दहा हॉटेलांची दारं दाखवली. मनगटाला रंगीत पट्टी बांधली. जाहिरातीतल्या आकड्यात प्रवेश फी धरलेलीच नव्हती. ती बस हायवेला लागल्यावर, म्हणजे उतरून जाण्याची सोय संपल्यावर मागितली. एका दुकानासमोर स्वच्छतागृहासाठी म्हणून थांबवलं आणि स्वच्छतागृहाची वाट चांदीचे दागिने, दगडी मुखवटे आणि टकिलाचे चिमुकले पेले यांच्या मधून काढली. वाटेतल्या एका डोहात पोहायला पाऊण तास, बुफेला एक तास, वायादोलिद गावाच्या चौकात वीस मिनिटं, आणि ज्याच्या फोटोवर भुलून पैसे भरले त्या पिरॅमिडला भर दुपारी दीड तास. यातलं एकही वाक्य खोटं नाही. निष्कर्ष मात्र चुकतो. ‘मायांच्या पवित्र नगराचं हे काय करून ठेवलंय’ असं म्हणताना आपण गृहीत धरतो की ते नगर मुळात शांत होतं, व्यापाराला विटलेलं होतं आणि हजार वर्षं आपल्यासारख्या एखाद्या जाणत्या माणसाची वाट पाहत बसलं होतं. चिचेन इत्झा तसं कधीच नव्हतं. गर्दी जमवायची, तिला उन्हात उभं करून थक्क करायचं आणि जाताना तिचे हात रिकामे करायचे, हा त्या शहराचा धंदाच होता. तो धंदा आज कोणी इमानेइतबारे चालवत असेल तर ही स्वस्त टूर, असं माझं मत आहे. वकीलपत्र अवघड आहे खरं, पण पुरावा भक्कम आहे.

नवव्या ते अकराव्या शतकाच्या सुमारास हे उत्तर युकातानमधलं सर्वांत बलाढ्य शहर होतं. ते वसलं तिथे नदी नाही. सगळा मुलूख चुनखडीचा. पाऊस पडतो आणि खडकात मुरून जातो. खालच्या पोकळीचं छत कोसळून जिथे पाणी उघडं पडलं असेल तो डोह, म्हणजे सेनोते, एवढाच काय तो आधार. अशा जागी माणसं नुसत्या मक्याच्या जिवावर पिरॅमिड बांधत नाहीत. उत्तर किनाऱ्यावर मीठ पिकत होतं, इस्ला सेरितोस नावाच्या टीचभर बेटावर या शहराचं बंदर होतं, आणि त्या वाटेने ग्वातेमालातलं जेड, मध्य मेक्सिकोतला काचेसारखा काळा ऑब्सिडियन, कोस्टा रिका-पनामाकडचं सोनं आणि पार उत्तरेच्या वाळवंटातला पिरोजा इथे येऊन पडत होता. त्यातलं बरंच काही पुढे शहरातल्या पवित्र डोहातून निघालं, कारण आणलेला माल वाकवून, फोडून देवाला वाहायचा हा रिवाज होता. अर्पण करायच्या वस्तूंना निळा रंग फासत. तो पाण्यात सुटून डोहाच्या तळाशी निळ्या गाळाचा थर साचला. थर किती जाड? सुमारे १४ फूट. नवसाचा एवढा गाळ एकांतात चिंतन करणाऱ्यांच्या हातून साचत नसतो. आणि साक्षीदारही आहे. फ्रान्सिस्कन पाद्री दिएगो दे लांदा याने १५६२ साली मानी गावात माया पोथ्यांची होळी केली (आज जगात अशा पोथ्या चारच उरल्या आहेत, त्याचं श्रेय बरंचसं याच्या पदरात टाकावं लागतं) आणि चार-पाच वर्षांनी बसून मायांच्या चालीरीतींचा वृत्तांत लिहिला. शहर पडून शतकं लोटली होती, तरी लोक या डोहाच्या यात्रेला येत, आणि ख्रिस्ती माणसाला जेरुसलेम-रोमचं जे माहात्म्य तेच यांना या डोहाचं, असं तो नोंदवतो. मराठी वाचकाला यापुढे काही समजावून सांगायला नको. ही जत्रा होती. मधोमध देव, भोवती पालं, लांबच्या गावांहून आलेली माणसं, उन्हाने तापलेलं आवार आणि दर्शनापेक्षा कितीतरी लांब रांग. जत्रेत देवळासमोर दिवसभर एकटा बसून राहणाऱ्याला आपण भक्त समजत नाही. त्याची चुकामूक झाली असेल, असं समजून चौकीवर नेतो.

शहराची रचनाही हेच सांगते. कुकुलकान या सर्पदेवाचा पिरॅमिड, ज्याला स्पॅनिश लोकांनी एल कास्तियो म्हटलं, वरच्या मंदिरासकट सुमारे ३० मीटर उंच आहे. चारी बाजूंना प्रत्येकी ९१ पायऱ्या आणि वरची एक, मिळून ३६५; हे गणित प्रत्येक गाइड स्वतःच लावल्यासारखं सांगतो. पण वरचं मंदिर केवढं? चार माणसं आणि एक धुपाटणं आत गेलं की दार लावून घ्यावं एवढं. उलट खालचं पटांगण हजारो लोक मावतील असं मुद्दाम सपाट केलेलं आहे. वर थोडे, खाली सगळे, अशी ही सोय. म्हणून पिरॅमिडवर चढू देत नाहीत या तक्रारीत मला फारसा दम वाटत नाही. २००६ साली एका पर्यटक बाईंचा पडून मृत्यू झाला आणि चढणं बंद झालं. त्याआधीची काही दशकं ज्याने तिकीट काढलं तो साखळी धरून वर जात होता. ती काही दशकं म्हणजे या इमारतीच्या आयुष्यातला अपवाद. सामान्य माया माणसाने हा पिरॅमिड खालूनच पाहिला, मान वर करून, डोळ्यांवर हात धरून, शेजाऱ्याचं कोपर बरगडीत खात. स्वस्त टूरचा प्रवासी आज नेमका तिथेच उभा असतो. २०२२ मध्ये एक बाई दोरी ओलांडून वर चढल्या आणि वर पोचल्यावर थोडं नाचल्या. त्या खाली येईपर्यंत जमलेल्या गर्दीने त्यांना तुरुंगात टाका म्हणून आरडाओरडा केला, अंगावर पाण्याच्या बाटल्या फेकल्या. पिरॅमिडच्या पायथ्याशी उभं राहिलं की चांगल्या घरची माणसंही बळी मागू लागतात. एकट्याने पहाटे भेट देणाऱ्याला ही सामुदायिक अनुभूती कशी मिळणार?

आता दुकानांचा आक्षेप. तो सगळ्यांत मोठ्या आवाजात घेतला जातो, आणि घेणाऱ्यांच्या पिशवीत एक तरी मुखवटा असतोच, पण तो मुद्दा सोडून देऊ. म्हणणं असं की तिथे विकतात ते धड स्थानिकही नाही. टकिला तर हजारो मैलांवरची वाटावी इतकी लांबची, खालिस्को राज्यातली. युकातानचं स्वतःचं मद्य बडीशेप आणि मधाचं. ऑब्सिडियनची कासवं, बिबटे, सुऱ्या विकतात, आणि युकातानच्या चुनखडीत ऑब्सिडियनचा खडाही सापडत नाही. ‘माया कॅलेंडर’ म्हणून विकली जाणारी ती गोल तबकडी तर मायांची नव्हेच; तो अॅझ्टेकांचा सूर्यदगड, १७९० साली मेक्सिको सिटीच्या मुख्य चौकात खोदकाम करताना सापडलेला. सगळं खरं. पण हा आक्षेप घेणाऱ्याने दहाव्या शतकात चिचेन इत्झाच्या वेशीवर उभं राहून तो घेऊन पाहावा. तेव्हाही ऑब्सिडियन बाहेरूनच येत होता, मध्य मेक्सिकोतूनच. जेड बाहेरचं, सोनं बाहेरचं. एवढंच काय, इथल्या योद्ध्यांच्या मंदिराची सगळी धाटणी मध्य मेक्सिकोतल्या तुला शहराच्या पिरॅमिडशी इतकी जुळते की कोणी कोणाची उचलली यावर विद्वान शंभर वर्षं वाद घालत आहेत. म्हणजे मेक्सिकोतला माल मायांचा म्हणून खपवायला चिचेन इत्झाने हजार वर्षांपूर्वीच सुरुवात केली होती. तबकडी विकणारा बिचारा परंपरेचा पाईक आहे.

आणि फसवणूक? अॅझ्टेकांच्या बाजारात कोकोच्या बिया पैशासारख्या चालत, आणि बेर्नार्दिनो दे साहागून या पाद्र्याने सोळाव्या शतकात तिथल्या लबाड विक्रेत्यांचं वर्णन करून ठेवलं आहे: ते राजगिऱ्याच्या पिठाच्या, मेणाच्या, अवोकाडोच्या कोयीच्या खोट्या बिया बनवून खऱ्यांत मिसळत. म्हणजे चलनातली खोटी नोट त्या मुलखात कागदाच्याही आधी पोचली होती, आणि तीही उपासाला चालणाऱ्या पिठाची. मायांचा व्यापारी बाणा तर युरोपने पहिल्याच भेटीत पाहिला. १५०२ साली होंडुरासच्या किनाऱ्याजवळ कोलंबसच्या माणसांनी मालाने भरलेली एक मोठी होडी अडवली. त्यात सुती कापड होतं, तांब्याच्या वस्तू होत्या, कोकोच्या बिया होत्या. पकडले गेलेले लोक परक्यांच्या गराड्यात असूनही, चार बिया सांडल्या तेव्हा त्या वेचायला असे वाकले की जणू डोळाच खाली पडला आहे, असं कोलंबसच्या मुलाने लिहून ठेवलं. या लोकांच्या नगरात जाऊन ‘इथे फार बाजारीकरण झालंय’ म्हणायला धाडस लागतं. आज पिरॅमिडपासून पवित्र डोहापर्यंत जाणारा सुमारे ३०० मीटरचा प्राचीन रस्ता आहे. त्याच्या दोन्ही बाजूंना फेरीवाल्यांची टेबलं लागलेली असतात, आणि बिबट्याच्या डरकाळीची शिट्टी फुंकून, ‘जवळजवळ फुकट’ असं चार भाषांत ओरडून ते गिऱ्हाईक थांबवतात. यात्रेकरूंच्या वाटेवर दुसरं काय असणार होतं?

गाइडवरचा आक्षेप जास्त गंभीर आहे, म्हणून त्याला थोडा वेळ देतो. स्वस्त टूरचा गाइड थापा मारतो, असं म्हणतात. त्याचं आवडतं ठिकाण म्हणजे चेंडूचं मैदान. हे मेसोअमेरिकेतलं सर्वांत मोठं: लांबी १६८ मीटर, भिंतीत सुमारे सहा मीटर उंचीवर दगडी कडी. इथे गाइड आवाज खाली आणतो आणि सांगतो की जिंकणाऱ्या संघाच्या कप्तानाचं डोकं उडवत, आणि तो मोठाच मान समजला जाई. भिंतीवरच्या शिल्पात शिर उडालेला, गुडघ्यावर बसलेला, मानेतून रक्ताचे साप निघालेला खेळाडू आहे, यात शंका नाही. पण तो जिंकलेला की हरलेला, हे दगड सांगत नाही. डोकं नसल्यामुळे चेहऱ्यावरूनही कळायला मार्ग नाही. मग गाइड डोहाकडे हात करतो आणि सुंदर कुमारिकांना तिथे कसं ढकलत ते सांगतो. डोहात मिळालेल्या हाडांमध्ये पुरुष, बायका, मुलं सगळेच आहेत. आणि डोहाजवळच्या एका भूमिगत टाकीत १९६७ साली सापडलेल्या मुलांच्या हाडांपैकी ६४ जणांची जनुकीय तपासणी २०२४ मध्ये ‘नेचर’मध्ये प्रसिद्ध झाली, तेव्हा कळलं की ते सगळेच्या सगळे मुलगे होते, त्यात एकसारख्या जुळ्यांच्या दोन जोड्या. इथे विनोद थांबतो. ती लहान मुलं होती, बहुतेक तीन ते सहा वर्षांची, आणि कुमारिकांच्या चविष्ट गोष्टीपेक्षा ही माहिती ऐकायला फार कठीण आहे. गाइड ती सांगत नाही, यात त्याची चूक आहे आणि बसचीही.

पण कुमारिकांची गोष्ट त्याने रचली नाही. ती युरोप-अमेरिकेतल्या पुस्तकी मंडळींनी रचली, रंगवली आणि छापली. गाइड खोटं बोलत नाही, तो शंभर वर्षांपूर्वीचं खरं बोलतो. खरी थाप ऐकायची असेल तर विद्वानांकडे जावं. १८७५ साली इथे खोदकाम करून चाकमूलची प्रसिद्ध मूर्ती बाहेर काढणारा ऑगस्टस ल प्लांजाँ घ्या. त्याने भित्तिचित्रांवरून मू नावाची राणी आणि तिचा प्रियकर यांची आख्खी कादंबरी वाचून काढली, इजिप्तची संस्कृती मायांनी वसवली असं ठरवलं, आणि क्रूसावर येशूच्या तोंडून निघालेले शेवटचे शब्द माया भाषेतले होते इथवर मजल मारली. आपणही मागे नाही. १९४० साली चमनलाल यांचं ‘हिंदू अमेरिका’ हे पुस्तक आलं, आणि तेव्हापासून मयासुराला कानकूनच्या बसमध्ये एक राखीव सीट आहे. मागच्या बाकावरून कोणीतरी ‘हे आपलंच आहे’ म्हणाल्याशिवाय बस वायादोलिदच्या पुढे जात नाही. त्या मानाने चाळीस माणसांना पायऱ्यांसमोर उभं करून टाळ्या वाजवायला लावणारा गाइड शास्त्राच्या जवळचा. टाळीचा प्रतिध्वनी एकामागे एक पायरीवरून थोड्या थोड्या उशिराने परततो आणि चिवचिवाट झाल्यासारखा ऐकू येतो. ध्वनिशास्त्रज्ञांनी त्यावर खरोखर निबंध लिहिले आहेत. तो आवाज केत्साल पक्ष्याचा म्हणतात. केत्साल राहतो दक्षिणेकडच्या डोंगरांतल्या ढगाळ जंगलात, युकातानच्या सपाटीवर नाही. पक्षीसुद्धा बाहेरगावचा, पण टाळ्या जोरात पडतात. संपातदिनी पायऱ्यांच्या कडेने उतरणाऱ्या सावलीच्या सापाचंही असंच: २१ मार्चला तो पाहायला हजारो लोक लोटतात, आणि तो त्या दिवसाच्या मागेपुढे काही आठवडे दिसत राहतो. टूर कंपन्या हे सांगत नाहीत. पुजाऱ्यांनी तरी सांगितलं असतं का?

राहता राहिला एकांत. सुसंस्कृत प्रवाशाच्या मनात भग्नावशेषांचं एक चित्र असतं: दाट झाडी, वेलींनी वेढलेला दगड, समोर एकटा माणूस आणि त्याची वही. हे चित्र मायांचं नव्हे, जॉन लॉइड स्टीफन्स आणि फ्रेडरिक कॅदरवुड यांचं आहे. ते १८४२ साली चिचेन इत्झाला आले. एकाने लिहिलं, दुसऱ्याने चित्रं काढली, आणि १८४३ साली पुस्तक निघाल्यापासून अवशेष असेच दिसले पाहिजेत असं जगाने ठरवून टाकलं. या थोर एकांतप्रेमी स्टीफन्सने १८३९ साली होंडुरासमधलं कोपान हे माया शहर पन्नास डॉलरला विकत घेतलं होतं. स्वस्त टूरवर नाक मुरडणाऱ्यांनी हा दर ध्यानात ठेवावा. पुढे अमेरिकन वाणिज्यदूत एडवर्ड थॉम्प्सन याने १८९४ साली चिचेन इत्झाची अख्खी जहागीर, अवशेषांसकट, विकत घेतली आणि १९०४ पासून डोह उपसायला घेतला. निघालेलं सोनं आणि जेड हार्वर्डच्या पीबॉडी संग्रहालयात पोचलं. तो वाणिज्यदूत होता, म्हणून तर पोचलं. मेक्सिको सरकारने १९२६ साली त्याची मालमत्ता जप्त केली, १९४४ साली न्यायालयाने ती वारसांना परत दिली, त्यांनी ती युकातानमधल्या पर्यटन व्यवसायातल्या एका घराण्याला विकली. २०१० साली युकातानच्या राज्य सरकारने २२ कोटी पेसो मोजून ती जमीन घेतली तेव्हा कुठे जगप्रसिद्ध पिरॅमिडखालची माती सरकारी झाली. ताजमहालाबरोबर ‘नव्या सात आश्चर्यां’त नाव लागलं २००७ मध्ये, म्हणजे तो मान मिळाला तेव्हा आश्चर्य खासगी जागेत उभं होतं. आणि ते पवित्र, अस्सल दगड? विसाव्या शतकाच्या सुरुवातीला इथे झाडं उगवलेले ढिगारे होते. कार्नेगी संस्थेने आणि मेक्सिको सरकारने १९२० च्या दशकापासून ते साफ करून पुन्हा रचले. पिरॅमिडच्या दोन बाजू नीट बांधून काढल्या, त्याच सगळ्या फोटोंत असतात, आणि उरलेल्या बाजूंना गाइड कोणाला फारसं नेत नाही. पाहुणे येणार म्हणून सजवलेल्या घरात शिरून पाहुण्यांचीच तक्रार करणं बरं नव्हे.

जाता जाता आणखी एक गोष्ट, कारण तिचा आपल्याशी खरा संबंध आहे. मायांच्या मंदिरांच्या दारांवरच्या तुळया ज्या चिवट लाकडाच्या असत ते चिकूचं. आपण घोलवडचा म्हणून कौतुकाने खातो त्या फळाचं मूळ घर हाच मुलूख. त्या झाडाच्या चिकापासून पूर्वी च्युइंगम बनत असे, आणि चीक काढायला जंगलात शिरलेल्या मजुरांनी कितीतरी विसरलेली माया शहरं पहिल्यांदा पाहिली, मग त्यांच्या मागोमाग संशोधक गेले. धंदा पुढे, ज्ञान मागे, हा क्रम टूरच्या बसने शोधून काढलेला नाही.

एक आक्षेप मात्र मला मनापासून मान्य आहे. या पैशातलं मायांच्या हातात किती पडतं? कानकून हे शहरच १९७० च्या दशकात मेक्सिकोच्या मध्यवर्ती बँकेने आखून किनाऱ्यावर उभं केलेलं आहे, आणि नफ्याची ओढ समुद्राकडे असते. प्रवेशाचं शुल्क केंद्राला आणि राज्याला जातं; तिकीटही दोन, खिडक्याही दोन, आणि परदेशी माणसाला ते सहाशे पेसोंहून जास्त पडतं. टूर स्वस्त होते ती दुकानांच्या कमिशनवर. म्हणजे शेजारच्या सीटवरच्या काकूंनी जेडचा हार घेतला म्हणून आपलं तिकीट अर्ध्यात निघालं. त्यांचे आभार मानायची पद्धत अजून पडलेली नाही. पण इथेही महागडी खासगी टूर फार सोवळी नाही. ती पहाटे येते, फेरीवाल्यांनी टेबलं मांडायच्या आत फोटो काढते आणि गर्दी यायला लागली की निघून जाते. आवारात टेबल मांडून बसणारी माणसं बहुतेक आसपासच्या गावांतली, माया भाषा बोलणारी. मेक्सिकोत ही भाषा बोलणारे आजही सात लाखांहून अधिक आहेत. गाइड माइकवरून माया लोक कसे गूढरीत्या नाहीसे झाले ते सांगत असतो, आणि नाहीसे झालेले लोक खिडकीखाली उभे राहून टोप्या विकत असतात. त्यांची दुपारची कमाई स्वस्त बसवर अवलंबून आहे, पहाटेच्या एकांतावर नाही.

अमेरिकेतल्या मराठी कुटुंबांची डिसेंबरच्या सुट्टीत कानकूनकडे रीघ असते, कारण अमेरिकेचा वैध व्हिसा असला की भारतीय पासपोर्टवर मेक्सिकोचा वेगळा व्हिसा लागत नाही. त्यांच्यासाठी, आणि इथून जाणाऱ्यांसाठीही, दोन व्यवहाराच्या गोष्टी. बुफेत काळ्या घेवड्याची लगदा केलेली उसळ निर्धास्त वाढून घेऊ नका. ती बऱ्याचदा डुकराच्या चरबीत परतलेली असते, आधी विचारा. मक्याच्या पोळ्या, पपई आणि हाबानेरो मिरचीची चटणी यांवर शाकाहारी माणूस तरून जातो, चटणीच्या बाबतीत थोडा जपून. समोर डोक्यावर बाटल्यांचं तबक तोलून नाचणाऱ्या मुलींना टीप द्यावी लागते, तीही धरून चाला. कानकून ज्यात आहे त्या क्विंताना रो राज्याने २०१५ साली घड्याळ एक तास पुढे नेलं, युकातानने नेलं नाही. त्यामुळे जाताना राज्याची हद्द ओलांडली की गाइड तुम्हाला एक तास भेट देतो आणि संध्याकाळी परतताना काढून घेतो. त्यावर रागावू नका.

प्रवेश फीसाठी पेसो रोख ठेवा. डॉलरचा भाव बसमध्ये माइक धरणाऱ्याच्या मर्जीवर असतो. खरेदी करायचीच तर वातानुकूलित दुकानात नको, आवारातल्या टेबलावरून करा, आणि घासाघीस दोन फेऱ्यांवर थांबवा. गाइडने मोकळा वेळ जाहीर केला की सगळे डोहाच्या वाटेला धावतात. तुम्ही उलट, दक्षिणेकडे वळा. दहा मिनिटांच्या चालीवर काराकोल नावाचा गोल मनोरा आहे, शुक्राच्या निरीक्षणासाठी बांधलेला म्हणतात, आणि पुढे लास मोन्हास, लांब नाकाच्या पर्जन्यदेवाच्या मुखवट्यांनी मढवलेली जुनी इमारत. शहरातले कोरीव लेख मुख्यतः याच भागात आहेत आणि स्वस्त टूरमध्ये यालाच नेमकी काट मिळते. तेवढा दोष मी बिनशर्त कबूल करतो. फक्त बसमधून उतरताना तिचा नंबर लिहून घ्या. दुपारी तीनला त्या वाहनतळावर सगळ्या पांढऱ्या बस सारख्याच दिसतात, आणि ड्रायव्हर उशीर करणाऱ्यासाठी फार वेळ थांबत नाही.